ग्लेब अर्सेन्येविचची दाढी

दाढी माझ्या चहात पडली.

चांगली छातीपर्यंत येणारी, राखाडी, कुरळी दाढी, मिशांसकट. सदबा मान्यांनी सकाळभर खपून एकेक झुपका गोंदानं चिकटवत ती बसवली होती. ग्लेब अर्सेन्येविचनी आरशात एकदा पाहिलं, खाजवलं, काहीतरी पुटपुटले आणि एका हिसक्यात उपटून ती भिरकावली. तंबूत एवढी जागा होती, पण तिला माझाच कप सापडला.

"सांगा ह्येला," सदबा माझ्याकडे न बघता म्हणाले, "परत उपटलीस तर खिळं मारून बसवीन."

मी रशियनमध्ये सांगितलं, की मेकअपमन आपल्याला थोडा धीर धरण्याची विनंती करत आहेत.

"विनंती?" ग्लेब अर्सेन्येविच म्हणाले. "मग तो हातानं हातोडा कशाला मारून दाखवत होता?"

दुभाष्याचं निम्मं काम भाषा बदलण्याचं असतं आणि निम्मं धार बोथट करण्याचं. त्या महिन्यात माझा पहिला निम्मा भाग सुट्टीवरच होता म्हणायला हरकत नाही. दोघंही एकमेकांना शिव्या देत होते, आणि मी मध्ये बसून त्यांच्या विनंत्या करत होते. सदबा दाढी चढवायचे, हे उपटायचे. सदबा "हलू नका" म्हणायचे, हे मान हलवायचे. महिनाभरात ग्लेब अर्सेन्येविच मराठी शिकले ती एवढीच, 'हलू नका'. पुढे पुढे तर सदबांनी ब्रश उचलला की हे स्वतःच दरडावून "हलू नका" म्हणायचे आणि लगेच उठून तंबूबाहेर सिगरेट ओढायला जायचे.

ही गोष्ट ऐंशीनंतरच्या दोन-तीन वर्षांतली. कोल्हापूरच्या एका निर्मात्याला सोव्हिएत भागीदार मिळाला होता आणि प्लेगच्या काळातल्या एका रशियन डॉक्टरवर सिनेमा निघाला होता. आपल्याकडे प्लेग आला की लोक गाव सोडून माळावर झोपड्या टाकून राहत. तशाच झोपड्या राधानगरीच्या बाजूला एका वाडीच्या माळावर उभारल्या होत्या. हा डॉक्टर कुठून तरी फिरत तिथं येतो, लोकांना वाचवतो आणि शेवटी स्वतः प्लेगनं मरतो, अशी कथा. ग्लेब अर्सेन्येविच सेटवर रशियन बोलणार, हिंदी आवाज नंतर मुंबईत दुसरा कुणी देणार आणि रशियन प्रतीसाठी तेच मॉस्कोत आपला आवाज पुन्हा भरणार, असं ठरलं होतं. मी पुण्याची, रशियन शिकलेली, नोकरीच्या शोधात असलेली. युनिटमध्ये माझं हेमलता दांडेकर हे नाव कुणी घेतलं नाही. मी 'रशियनबाई' होते. ग्लेब अर्सेन्येविचना 'ह' म्हणता येत नसे, त्यांच्यासाठी मी खेमा.

खरं सांगायचं तर मी हे काम घेतलं ते त्यांच्यासाठी. ग्लेब तूर्चिन हे नाव आज इकडे कुणाला ठाऊक नसेल. आमच्या रशियनच्या वर्गाला त्यांचा पहिला सिनेमा दाखवला होता. वायरलेस सांभाळणारा विशीतला सैनिक बर्फात एकटा पडलेला असतो आणि शेवटचा संदेश देता देता मरतो. आम्ही चौघी मैत्रिणी आठवडाभर त्या चेहऱ्याबद्दल बोलत होतो. तो चेहरा बघायचा म्हणून मी कोल्हापूरच्या गाडीत बसले, आणि स्टेशनवर उतरला तो पोट सुटलेला, पिशव्या लोंबणाऱ्या डोळ्यांचा, जागच्या जागी पाय बदलत राहणारा गृहस्थ. हातात सिगरेट आणि जिभेखाली कसलीशी गोळी. ती गोळी हृदयाची आहे हे त्यांनी मला पहिल्याच दिवशी सांगितलं, आणि निर्मात्याला कळलं तर तुला शाप देईन असंही सांगितलं.

वाडीकडे जाता-येता गाडीत ते आपली कहाणी सांगायचे, तीसुद्धा तुकड्यातुकड्यांनी, खिडकीची काच वर-खाली करत. वडील यारोस्लाव्लला रेल्वेत कोळसा टाकायचे. हे कारखान्यात लेथवर होते. कारखान्याच्या नाटकमंडळीत काम करताना कुणीतरी पाहिलं आणि मॉस्कोला सिनेमाच्या शाळेत नेलं. पहिल्याच सिनेमात मेले आणि देशभर गाजले. त्यानंतर त्यांना मरायचीच कामं मिळत गेली. नदीत बुडाले, रणगाड्यात जळाले, भिंतीसमोर उभं राहून गोळ्या खाल्ल्या. "माझ्यासारखा मरणारा अख्ख्या देशात नव्हता," ते म्हणायचे, आणि त्यात गंमत नव्हती, अभिमान होता. मग पोट सुटलं. पोट सुटलेल्या माणसाला सिनेमात वीरमरण देत नाहीत. नकाशावर वाकलेले सेनापती, पाठमोरे मंत्री, जंगलातले दाढीवाले म्हातारे, अशी कामं उरली. आमच्या निर्मात्याला तो जुना सिनेमा आठवत होता म्हणून त्यानं हट्टानं याच माणसाला मागून घेतलं. कितीतरी वर्षांनी त्यांच्या वाट्याला नायकाचं काम आलं होतं, आणि ते हृदयाच्या गोळीवर चाललं होतं. परत जाऊन पुढचं काम मिळेलच असं नव्हतं.

एवढं असून माणूस शहाण्यासारखा वागेल की नाही? पण यांचा एकच धोशा. दाढी नको.

शेवटचा सीन तेवढा राहिला होता. आमचे दिग्दर्शक रंगराव सरनाईक, त्यांना सगळं युनिट आबा म्हणायचं. तालमीतला माणूस, आवाज तसाच. आबांनी तो सीन मनात कधीचा रचून ठेवला होता. उतरती उन्हं, माळावर झोपडी, भोवती गाव मुकं उभं, मध्ये खाटेवर डॉक्टर, आणि कॅमेरा लांब टेकाडावर. माणूस एवढासा दिसणार आणि माळ एवढा मोठा. खरोखर सुरेख होतं ते.

ग्लेब अर्सेन्येविचनी ऐकून घेतलं आणि म्हणाले, "कॅमेरा जवळ पाहिजे. फक्त चेहरा. आणि चेहऱ्यावर दाढी नको."

"काय म्हणतोय ओ ह्यो?" आबांनी मला विचारलं.

मी धार बोथट करायचा प्रयत्न केला, पण 'दाढी नको' याला दुसरं काय म्हणणार? आबा हसले. मग त्यांना कळलं की हा माणूस थट्टा करत नाही. ते म्हणाले, सबंध सिनेमाभर दाढी आणि मरताना गुळगुळीत, लोक काय म्हणतील? तिकीट काढून आलेला माणूस खुर्ची फेकून मारील. ग्लेब अर्सेन्येविच म्हणाले, आजारपणात कुणी काढली असं दाखवा. आमच्याकडे लढाईच्या आदल्या दिवशी शिपाई अंघोळ करून धुतलेला सदरा घालतात. मरायचं तर स्वच्छ मरायचं. दाढी काढली तर काय बिघडलं?

आता सदबा मध्ये पडले. त्यांचं घराणं न्हाव्याचं. आजोबांनी गावाच्या दाढ्या केल्या होत्या आणि नातवानं सिनेमातल्यांच्या चिकटवल्या, एवढाच फरक. ते म्हणाले, "मरणाऱ्याची दाढी कोण करत न्हाई आबा. माणूस गेल्यावर घरच्यांची करत्यात. जित्या माणसाला मरणाचा वस्तरा लावायचा म्हंजे यमाला चिठ्ठी धाडल्यागत हाय. माझ्या हातनं हे व्हायचं न्हाई."

"ऐकलं?" आबा मला म्हणाले. "सांगा त्याला. शास्त्रातबी बसत न्हाई आन् माझ्या फ्रेममधीबी बसत न्हाई."

मी सांगितलं. ग्लेब अर्सेन्येविच उठले, तंबूत दोन फेऱ्या मारल्या, खुर्ची उचलून दुसरीकडे ठेवली, तिच्यावर बसले नाहीत. मग म्हणाले, दाढी लावून मी हा सीन करणार नाही. त्यांना सांग, वाटल्यास मुंबईला आमच्या कचेरीत कळवा, मला परत बोलवून घेऊ देत.

हे मात्र मी बोथट केलं नाही, कारण मला राग आला होता. आबांचं तोंड लाल झालं. ते म्हणाले, आज संध्याकाळी ऊन कलेपर्यंत हा खाटेवर आला तर ठीक, नाही आला तर डॉक्टर पळून गेला असं दाखवून सिनेमा संपवतो, आणि कचेरीला काय ते कळवतो. आणि तरातरा निघून गेले.

मी ग्लेब अर्सेन्येविचच्या मागे माळावर गेले. ते झोपड्यांमधून नुसते येरझाऱ्या घालत होते. मी त्यांना सुनावलं. म्हटलं, तुम्हाला परत पाठवलं तर तिकडे काय होईल हे तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त कळतं. भांडून परत आलेल्या नटाला कोण काम देणार? आणि कशासाठी, तर आपला तोंडवळा लोकांना दिसावा म्हणून? तो तोंडवळा आता राहिला नाही हो. मी तो बघायला आले होते, म्हणून सांगते.

फार लागट बोलले मी. पण ते चिडले नाहीत. थांबले, आणि पहिल्यांदाच माझ्याकडे नीट पाहून म्हणाले, "चेहरा गेला खड्ड्यात, खेमा. ओठ दिसले पाहिजेत. डोळे, गाल, काय हवं ते झाका. पण ओठ दिसले पाहिजेत."

"का?"

"ते सांगून उपयोग नाही. तू सांगशील आणि आबा म्हणतील, हे सिनेमाचं कारण नाही. नाहीच ते सिनेमाचं कारण."

आणि परत चालायला लागले. चालता चालता छातीवरून हात फिरवला, गोळी जिभेखाली टाकली. मी मागे उभी. या माणसाला आपला हेका सोडता येत नाही हे मला कळत होतं, आणि का ते कळत नव्हतं. माणूस नुसता मिजासखोर असला की मला त्याचा कंटाळा येतो. इथं कंटाळा येईना. उलट काळजी लागली, जणू काही पाठवणी माझीच होणार होती.

मग मी जे केलं ते दुभाष्यानं करायचं नसतं. आबांकडे गेले आणि ग्लेब अर्सेन्येविच जे बोललेच नव्हते ते त्यांच्या नावावर खपवलं. म्हटलं, त्यांना एक कल्पना सुचली आहे. डॉक्टरनं ज्याला पहिल्यांदा वाचवलं तो या वाडीचा न्हावी होता असं करू या. सगळ्यांनी डॉक्टरला काही ना काही दिलं, याच्याकडे द्यायला काही नाही. डॉक्टर आजारी पडतो, दाढी वाढलेली, तापानं घाम आलेला, आणि हा न्हावी प्लेगच्या रोग्याजवळ कुणी बसत नाही तिथं जाऊन बसतो आणि त्याची दाढी करतो. गाव लांब उभं आहे. तो लांबचा शॉट तुमचा तसाच ठेवा. मग फक्त चेहरा.

आबांनी माझ्याकडे बघत तंबाखू मळली. मग म्हणाले, "हे त्याला सुचलं?"

"हो."

"नट माणसाला येवढी अक्कल नसती," ते म्हणाले. "पर चांगलं हाय." थोड्या वेळानं म्हणाले, "न्हावी कोण करनार?"

तंबूच्या दारात सदबा वस्तऱ्याची पेटी घेऊन उभे होते. आबांनी त्यांच्याकडे पाहिलं. सदबांनी हात जोडले, नको म्हणाले, पोराबाळांची शपथ घातली. पण चाळीस वर्षं दुसऱ्यांची तोंडं रंगवणाऱ्या माणसाला एकदा स्वतःचं तोंड पडद्यावर येणार हे कळलं, की त्याचं 'नको' किती दिवस टिकणार? त्यांनी एकच अट घातली. दाढी पुरी काढणार नाही. डाव्या जबड्याखाली चिमूटभर ठेवणार. "काम अपुरं ऱ्हायलं की यम दारातनं माघारी जातुय. त्येला वाटतं, अजून न्हाव्याचंच झालं न्हाई, आपला नंबर कसा येईल."

आबा म्हणाले, ठेव बाबा, खेड्यातली दाढी तशीच असती.

संध्याकाळी सगळं उभं राहिलं. पिवळं ऊन, माळ, मुकं गाव. लांबचा शॉट झाला, सदबा पाणी आणि वस्तरा घेऊन खाटेकडे चालत गेले तोही झाला. मग गोंद सोडवून त्यांनी दाढी काढली, खरंच जबड्याखाली एक झुपका ठेवून, आणि कॅमेरा जवळ आणला. कच्ची फिल्म संपत आली होती. आबांनी सांगितलं, एकदाच होईल, ऊनही तेवढंच उरलंय. मी नेहमीसारखी कॅमेऱ्याशेजारी रशियन संवादांचा कागद घेऊन बसले. प्रत्येक शॉटनंतर आबा विचारायचे, "शब्द बरोबर?" आणि मी हो किंवा नाही म्हणायचं, हे माझं काम. सबंध युनिटमध्ये रशियन कळणारी मी एकटी होते.

कागदावर होतं: कुणाला कळवू नका. इथली माती चांगली आहे. मला विहिरीजवळ पुरा.

ग्लेब अर्सेन्येविच खाटेवर पडले होते. सदबांनी ओल्या फडक्यानं त्यांची हनुवटी पुसली आणि ते बाजूला झाले. ग्लेब अर्सेन्येविचनी डोळे उघडले. लेन्समध्ये पाहायचं नाही हे नटाला पहिल्या दिवशी शिकवतात, पण ते सरळ लेन्समध्ये बघत होते. आणि बोलले, सावकाश, ओठ पुरते उघडत, तान्ह्या मुलासमोर बोलतात तसे. मी कागदावरून बोट फिरवत होते ते पहिल्याच शब्दाला अडलं.

"तास्या. बघ, दाढी काढली. त्या दिवशीच काढायला हवी होती."

आणि डोळे मिटले.

"कट," आबा म्हणाले. माळावर कुणी हललं नाही. मग त्यांनी वळून विचारलं, "बाई, शब्द बरोबर?"

मी खाटेकडे पाहिलं. ग्लेब अर्सेन्येविचनी डोळे उघडले होते, पण माझ्याकडे पाहत नव्हते. वर आभाळाकडे बघत होते आणि खाटेच्या काठावर त्यांची बोटं वाजत होती. मला काहीच माहीत नव्हतं. तास्या कोण, कुठला दिवस, काही नाही. पण महिनाभर या माणसाची वाक्यं मी तोंडात घोळवली होती. खोटं बोलताना तो कसा बोलतो आणि खरं कसं, हे कळायला मला कागद लागत नव्हता.

"बरोबर," मी म्हटलं.

शब्द बरोबरच होते. कागदावरचे नव्हते, एवढंच.

कोल्हापूरला परतताना गाडीत त्यांनी काच वर-खाली केली नाही. मग मी काही विचारलं नसताना ते आपणहून सांगायला लागले.

तास्या त्यांची मुलगी. लहानपणी मेंदूज्वर झाला आणि ऐकणं गेलं. बोललेलं ती ओठांवरून वाचायला शिकली. यांनी हातांची खूणभाषा शिकायला हवी होती, पण हे आज इथं तर उद्या तिथं शूटिंगला. एकदा हे बाहेरगावी असताना आईनं तिला यांचा सिनेमा दाखवला. बाप पडद्यावर मेला. बहिऱ्या पोरीला समजावणार कसं, की हे खोटं आहे? ती दोन दिवस जेवली नाही. मग यांनी एक युक्ती काढली. तिकडेही आवाज नंतरच भरतात, म्हणून प्रत्येक सिनेमात मरताना हे तिच्यासाठी काहीतरी बोलायचे आणि वरून आवाज मात्र लिहिलेल्या संवादाचा भरायचे. "देशाला वाटायचं, मी मातृभूमीचं नाव घेत मेलो," ते म्हणाले. "आणि पहिल्या रांगेत माझी पोरगी खिदळायची. कारण मी म्हणालेला असायचो, रविवारी येतो, माझ्या वाटणीचा केक संपवू नकोस."

मी हसले. ते हसले नाहीत.

पुढे नवरा-बायकोचं पटलं नाही. मुलगी आईजवळ वाढली, पण सिनेमे चुकवत नसे. तिनं आपल्यासारखाच एक मुलगा पसंत केला. लग्नाला सगळे तिच्या शाळेतले सोबती, कुणालाच ऐकू येत नाही. ग्लेब अर्सेन्येविच शूटिंगवरून धावतपळत पोचले. जंगलातल्या म्हाताऱ्याचं काम होतं, दाढी खरीच वाढवलेली, मिशा ओठांवर आलेल्या. नट माणूस, त्यातून मुलीचं लग्न. ग्लास हातात घेऊन ते लांबलचक बोलले. आयुष्यात इतकं चांगलं कधी बोललो नव्हतो, म्हणाले. सगळी मंडळी त्यांच्या तोंडाकडे बघत होती. तोंड झाडीत होतं. एकाही माणसाला एक शब्द कळला नाही. नवरीलासुद्धा नाही.

"ती जवळ आली," ते म्हणाले, "माझ्या हनुवटीवर हात ठेवला आणि खुणेनं सांगितलं, काढ. आत्ता काढ, आणि परत बोल. घरात वस्तरा होता, खेमा. मी हसून म्हणालो, शूटिंग आहे बाळ, अजून दोन आठवडे ठेवायचीय. तेही तिला कळलं नाही."

त्यानंतर तिनं बापाशी संबंध ठेवला नाही. हे दाढी करून तिच्या दारात गेले होते. "बहिऱ्या माणसाशी भांडण झालं की काय होतं माहीत आहे? ती डोळे मिटते. मी दारात उभा राहून ओरडतो आणि ती डोळे मिटून उभी. मग मी काय करू? पण तिची आई सांगते, सिनेमा अजून चुकवत नाही. पडद्यावर माझ्याकडे बघते. समोर गेलो की डोळे मिटते. आणि तेव्हापासून मला पडद्यावर एक तर पाठमोरा उभा करतात, नाही तर दाढी लावतात."

माझ्या डोळ्यांना पाणी आलं होतं आणि माळावर मी त्यांना काय काय सुनावलं ते आठवत होतं.

पुढल्या वर्षी हिवाळ्यात मॉस्कोला सिनेमाचा पहिला खेळ होता. आबांना बोलावणं आलं आणि आबांनी मला बरोबर नेलं. आबा कानटोपी, मफलर आणि दोन स्वेटर घालून भाषण करून आले आणि पहिल्या रांगेच्या मधोमध बसले. मी कडेला बसले होते. ग्लेब अर्सेन्येविच आत आलेच नाहीत. बाहेर जिथं लोक ओव्हरकोट ठेवतात तिथं ते फेऱ्या मारत होते. दाढी घोटून केलेली, एवढी की हनुवटी लाल झाली होती.

आमच्या मागच्या रांगेत काही माणसं हातांनी बोलत होती. त्यांच्यात हिरव्या स्वेटरमधली एक बाई होती, तिशीच्या आतबाहेरची. कपाळ अगदी त्या बर्फातल्या सैनिकाचं. दिवे गेल्यावर मी पडद्याकडे पाठ केल्यासारखी तिरपी बसून तिच्याकडेच बघत राहिले.

न्हावी आला. सदबा पडद्यावर चालत गेले, आणि आबांनी अंधारात समाधानानं हुंकार दिला. मग तो चेहरा आला. ग्लेब अर्सेन्येविचचा आवाज म्हणाला, कुणाला कळवू नका, इथली माती चांगली आहे. मॉस्कोत आवाज भरताना त्यांनी शब्द ओठांवर असे बसवले होते, की लिहिणारालाही शंका आली नसती. थिएटरभर लोक नाकं पुसायला लागले.

त्या एका रांगेत मात्र सगळी डोकी एकदम वळली, त्या बाईकडे. त्या सगळ्यांनी वाचलं होतं. तिच्या शेजारच्या माणसानं हात उचलला, काहीतरी सांगायला, आणि न सांगता खाली ठेवला. ती पडद्याकडे बघत होती. डोळे उघडे होते.

दिवे लागायच्या आत ती उठली. मी तिच्या मागे धावले. धावायचं काही कारण नव्हतं, मला कुणी दुभाषी म्हणून बोलावलं नव्हतं. कोट ठेवण्याच्या जागेपाशी ग्लेब अर्सेन्येविच न पेटवलेली सिगरेट बोटांत फिरवत उभे होते. तिला पाहिल्यावर त्यांनी तोंड उघडलं, मिटलं, एक पाय पुढे टाकला, मागे घेतला. मला वाटलं, हा माणूस आता पळून जाणार.

ती सरळ त्यांच्यासमोर आली. हातांनी काहीतरी म्हणाली, भराभर, लांबलचक. त्यांना कळलं नाही. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, सवयीनं. मलाही कळलं नाही. एकाचं दुसऱ्याला सांगून पोट भरणारी मी, तिथं नुसती उभी राहिले.

मग तिनं त्यांची हनुवटी हातात धरली, चेहरा दिव्याकडे वळवला आणि डाव्या जबड्याखाली बोट ठेवलं. सदबांनी झुपका ठेवला होता, नेमका तिथं. आणि घोगऱ्या, चढउतार नसलेल्या आवाजात, बहुधा कितीतरी दिवसांनी स्वतःच्या तोंडानं, ती म्हणाली, "इथं राहिली होती."

बोट तिथंच फिरवून तिनं आता काही राहिलंय का ते तपासलं. मग उजवी बाजू तपासली. तिला घाई नव्हती. लोक बाहेर येऊ लागले होते, कोट मागत होते, कुणी त्यांना ओळखून थांबत होतं, धक्के लागत होते. महिनाभर माळावर सदबा ज्याच्यासाठी घसा फोडून ओरडले, ते त्या दिवशी कुणी न सांगता झालं. ग्लेब अर्सेन्येविच हलले नाहीत.